रील ३ मधले ७१ सेकंद गेले कुठे? लॉक झालेलं चित्र पुन्हा कापलंय, पार्श्वसंगीत कसं बसवू?

शुद्धमध्यम

नमस्कार मंडळी. मालिकांच्या पार्श्वसंगीताचा सराव आहे, चित्रपट मात्र पहिलाच. प्रश्न लांबलाय, पण आकडे दिल्याशिवाय कुणाला काही कळणार नाही.

सिनेमा १०८ मिनिटांचा, सहा रीलमध्ये. लॉक झालं (म्हणजे संकलन पक्कं, आता बदल नाहीत) म्हणून जी फाइल आली ती सेकंदाला २४ फ्रेम्सची होती आणि रील ३ ची लांबी १८ मिनिटं २० सेकंद. त्यावर चार क्यू (पार्श्वसंगीताचे तुकडे) करून झाले. त्यातला मोठा ३एम२ (रील ३ मधला दुसरा क्यू) : ७६ बीपीएम (मिनिटाला ७६ ठोके), केरवा ताल, ढोलकी आणि बासरी वादकांकडून वाजवून घेतलेली, स्ट्रिंग्ज सॅम्पल्सच्या. ०३:०४:१२:०० ला (तास, मिनिटं, सेकंद, फ्रेम्स; रील ३ सुरू होतं ०३:००:००:०० ला) दार उघडतं, तिथेच बासरीचा उठाव आहे.

आता संकलकाकडून नवी फाइल आली. तिची लांबी १७ मिनिटं ९ सेकंद. त्याचं म्हणणं, "दोनच ठिकाणी कापलंय, सगळं मिळून २८ सेकंद." माझ्या हिशेबाने ७१ सेकंद कमी भरतात. शिवाय दोन्ही काटछाटी दाराच्या प्रसंगानंतरच्या आहेत, तरीही दार आधीपेक्षा १० सेकंद लवकर उघडतं! त्याने दिलेली यादी अशी : ३एम२ च्या मध्यात ९ सेकंद १५ फ्रेम्स, आणि पुढे संगीत नसलेल्या प्रसंगात १८ सेकंद १२ फ्रेम्स.

१. सगळं संगीत त्या प्रमाणात स्ट्रेच करून टाकलं तर चालेल का?
२. नाही तर वाजवून घेतलेली ढोलकी-बासरी कापायची कशी? वादकांना पुन्हा बोलवायला निर्माता तयार नाही.
३. मिक्सिंगवाल्यांनी "स्टेम्स द्या" (म्हणजे वाद्यांच्या गटागटाने वेगळ्या फाइली) एवढाच निरोप ठेवलाय. नेमकं काय द्यायचं? आणि दिग्दर्शकांना संवादाखाली बासरी टोचते, त्याचं काय करू?

मिक्सिंगला १२ दिवस आहेत.

---

चोवीसफ्रेम

संगीताला हात लावू नका. चूक फाइलीत आहे.

१८:२० म्हणजे ११०० सेकंद, गुणिले २४ = २६,४०० फ्रेम्स. नवी फाइल १७:०९ म्हणजे १०२९ सेकंद. ती २५ च्या वेगाने चालतेय असं धरा : १०२९ × २५ = २५,७२५ फ्रेम्स. फरक ६७५ फ्रेम्सचा. आता संकलकाची यादी घ्या. ९ सेकंद १५ फ्रेम्स म्हणजे २३१, १८ सेकंद १२ फ्रेम्स म्हणजे ४४४. बेरीज ६७५. एका फ्रेमचाही फरक नाही. संकलक खरं बोलतोय, फक्त फाइल बाहेर काढताना २४ ऐवजी २५ चं सेटिंग लागलंय. आपल्याकडे टीव्हीचं काम २५ वर चालतं, त्यामुळे चॅनेलसाठी ठेवलेलं सेटिंग चुकून लागणं अगदी नेहमीचं.

दाराचा हिशेबही तेच सांगतो. रील सुरू झाल्यापासून दारापर्यंत ४ मिनिटं १२ सेकंद, म्हणजे २५२ सेकंद. २४ चं चित्र २५ ने पळवलं की वेळ ४ टक्क्यांनी घटते. २५२ चे ४ टक्के १०.०८. हेच तुमचे दहा सेकंद.

एक सोपी खूण लक्षात ठेवा. फरक हळूहळू, सारख्या प्रमाणात वाढत गेला तर दोष वेगाचा. एका जागी अचानक उडी पडून पुढे तेवढाच राहिला तर काटछाट. तुमच्याकडे दोन्ही एकात एक मिसळलेत, म्हणून डोकं फिरलं.

खात्री करायची असेल तर फाइलीवर कोपऱ्यात टाइमकोड छापलेला असेल तो बघा. शेवटचा आकडा २३ पर्यंतच जातोय, की २४ दिसतोय? २३ पर्यंतच जात असला तरी निर्धास्त होऊ नका, कारण छापील आकडे मूळ टाइमलाइनचे असू शकतात. प्लेअरच्या घड्याळावर बरोबर ६० सेकंद मोजा. तेवढ्यात छापील टाइमकोड ६२ सेकंद १२ फ्रेम्स पुढे गेला तर फाइल पळवलेली आहे. नटांचे आवाजही किंचित चढे लागतील, सुमारे ७१ सेंट (१०० सेंट म्हणजे अर्धा स्वर), म्हणजे अर्ध्या स्वराहून थोडे कमी. मात्र काही सॉफ्टवेअर वेग बदलताना पट्टी तशीच ठेवतात, त्यामुळे निव्वळ कानावर विसंबू नका.

संकलकाकडून २४ ची फाइल पुन्हा मागवा. तिची लांबी १७:५१ आणि २१ फ्रेम्स यायला हवी (२५,७२५ भागिले २४). ती १७:५२ च्या शेवटाला, जवळजवळ १७:५३ ला टेकली तर तिसराच घोळ : टाइमलाइन २३.९७६ ची आहे. हा फरक हजारात एकाचा, तासाला ३.६ सेकंद, तुमच्या रीलमध्ये एक सेकंदाच्या आसपास. सुरुवातीच्या क्यूला कळतही नाही, शेवटच्याला ओठ हलून गेल्यावर ठोका पडतो. थिएटरची प्रत सरळ २४ वर जाणार असेल तर संकलक, तुम्ही आणि मिक्सिंग, तिघांनी एकच आकडा लेखी ठरवून घ्या.

पहिल्या प्रश्नाचं उत्तर : नाही. पुढेमागे चॅनेलसाठी २५ ची प्रत लागली तर मिक्सिंग झाल्यावर अख्खा साउंडट्रॅक एकदम बदलतात. ते संगीतकाराचं काम नाही.

---

खालीभरी

वरचा हिशेब चोख आहे. आता ३एम२ कापण्याबद्दल.

चित्र जिथे कापलं तिथेच संगीत कापायचं, हा समज आधी डोक्यातून काढा. संगीत आपल्या मात्रांवर कापायचं. फक्त काटछाटीच्या पुढचा पहिला ठरलेला ठोका, नजर, दार, जे काही असेल ते जागेवर पडलं पाहिजे. मधल्या जागेत तुम्ही काय केलं ते प्रेक्षकाला कळत नाही.

७६ बीपीएमला एक क्लिक (मेट्रोनोमचा एक ठोका) ०.७८९ सेकंदाची. चित्रातून गेले ९ सेकंद १५ फ्रेम्स, म्हणजे ९.६२५ सेकंद, म्हणजे १२.१९ क्लिक. १२ क्लिक काढल्यात तर ९.४७४ सेकंद गेले. उरले ०.१५१, साडेतीन फ्रेम्सच्या वर, चारच्या आत. तेवढं संगीत चित्राच्या मागे राहील. ते भरून काढायच्या दोन वाटा आहेत. काटछाटीनंतर ढोलकी थांबते अशी एखादी जागा असेल तर ती पोकळी तेवढी आवळा. नाही तर पुढच्या ३२ क्लिकचा वेग ७६ वरून ७६.४६ करा. सॅम्पल्सना काहीच फरक पडत नाही. वाजवलेल्या ट्रॅकला अर्ध्या टक्क्याहून थोडं जास्त स्ट्रेच पडेल. ढोलकी ते सोसते. बासरीच्या फुंकरीचा खरखरीत भाग मात्र स्ट्रेचमध्ये पाण्याखालून आल्यासारखा लागतो. म्हणून बासरी स्ट्रेच करू नका. वाक्यं सुटी करा, दोन वाक्यांच्या मधल्या श्वासात कापा आणि प्रत्येक वाक्य उचलून नव्या ग्रिडवर (सॉफ्टवेअरमधल्या ठोक्यांच्या रेघांवर) ठेवा.

आता खरी मेख. तुमचा केरवा किती क्लिकचा आहे? ८ मात्रा ४ क्लिकमध्ये बसवल्या असतील तर १२ क्लिक म्हणजे सरळ तीन आवर्तनं, काढून टाका. पण एक मात्रा म्हणजे एक क्लिक असा हिशेब असेल तर १२ क्लिक म्हणजे दीड आवर्तन. मग काटछाटीनंतर समेच्या (आवर्तनाच्या पहिल्या मात्रेच्या) जागी खाली (मधली, बिनजोराची पाचवी मात्रा) येईल. कागदावर गणित बरोबर, कानाला ठेका लंगडा. सॉफ्टवेअर चार-चारच्या रेघा दाखवतं, खाली-भरी दाखवत नाही. ज्यांनी नुसतं ग्रिड बघून कापलंय त्यांची ढोलकी लगेच ओळखू येते.

तसं असेल तर १६ क्लिक, म्हणजे पुरती दोन आवर्तनं काढा आणि त्या जागी ४ क्लिक ढोलकीशिवाय भरा : बासरीचा लांब स्वर किंवा स्ट्रिंग्ज. बेरीज तीच, १२ क्लिक गेल्या. चार क्लिक ठेका थांबला की ऐकणाऱ्याची मोजणी सुटते, मग ढोलकी समेवर परत आली की सगळं जागच्या जागी वाटतं. ढोलकीचा शेवटचा ठोका वाजून विरू द्या. नादाचं शेपूट तोडलंत तर थांबा न वाटता चूक वाटेल.

जोडाची मापं, मला पटणारी : ढोलकीला १० ते २० मिलिसेकंदांचा क्रॉसफेड (एक आवाज उतरताना दुसरा चढवणारा जोड), तोही ठोक्याच्या अगदी आधी, म्हणजे ठोकाच जोड झाकतो. स्ट्रिंग्जना शंभरच्या आसपास. पॅडला एक-दोन सेकंदही चालतात. बासरी धरलेल्या स्वराच्या मध्यात कधीच जोडू नका. दोन फुंकींचा कंप जुळत नाही आणि स्वर मध्येच उसवल्यासारखा होतो. मींडेत तर नकोच नको. रिव्हर्ब (घुमारा) ट्रॅकमध्येच भाजून ठेवला असेल तर कापलेल्या जागी मागच्या वाक्याची आस गपकन नाहीशी होईल. कोरा ट्रॅक असेल तर तो कापून रिव्हर्ब नव्याने द्या. कोरा ठेवला नसेल तर जुनी आस वेगळ्या ट्रॅकवर ओढून जोडाखाली सरकवा.

काम सुरू करण्याआधी सेशनची नवी आवृत्ती करा, जुनीवर लिहू नका. जुने संवाद एका ट्रॅकवर, नवे दुसऱ्यावर. जुने संवाद काटछाटीप्रमाणे कापून नव्याखाली लावा, एकाची फेज उलटी करा, म्हणजे सारखे आवाज एकमेकांना खोडतात. जुळले तर जवळपास शांतता होते. कुठे शब्द ऐकू आले तर संकलकाच्या यादीत नसलेली काटछाट तिथे आहे. अशा एक-दोन निघतात.

जाता जाता : मुंबईच्या स्टुडिओंमध्ये सेबॅस्टियन डिसूझा, अँथनी गोन्साल्विस यांच्यासारखे गोव्याचे अरेंजर स्टाफ नोटेशनमध्ये पार्ट लिहायचे. तेव्हा ३५ मिमीच्या एका फुटात १६ फ्रेम्स, मिनिटाला ९० फूट असं मोजमाप. कागदावर बारचे आकडे असले की "सतरा ते एकोणीस वगळा" एवढं सांगून पुढचा टेक होतो. तुमच्या वादकांच्या कागदावर बारचे आकडे नसतील तर पुढच्या वेळी घाला.

---

फेडरताई

तिसऱ्या प्रश्नाचं उत्तर मिक्सिंगच्या खुर्चीतून देते.

४८ किलोहर्ट्झ, २४ बिट, वेव्ह. ४४.१ ची फाइल ४८ समजून वाजली तर पट्टी जवळजवळ दीड अर्ध्या स्वराने चढते आणि मग सगळे बासरीवाल्याला दोष देतात.

प्रत्येक स्टेम रीलच्या सुरुवातीपासून सुरू होऊ दे, मध्ये शांतता असली तरी. मग कुठली फाइल कुठे ठेवायची हा प्रश्नच उरत नाही. चित्राची पहिली फ्रेम ०३:००:००:०० ला असेल तर त्याच्या दोन सेकंद आधी, ०२:५९:५८:०० ला, एका फ्रेमचा १ किलोहर्ट्झचा टोन टाका. प्रत्येक स्टेमवर. तो टोन, म्हणजे पॉप, माझ्या पॉपवर बसला की रील जुळलं.

तुमच्या क्यूला हे पुरे : ढोलकी, इतर ताल, बासरी, स्ट्रिंग्ज खालच्या, स्ट्रिंग्ज वरच्या, पॅड, इफेक्टवजा आवाज, आणि रिव्हर्ब स्वतंत्र. आठ स्टिरिओ स्टेम्स. मिनिटाला प्रत्येकी सुमारे १७ एमबी, म्हणजे १८ मिनिटांच्या रीलचे अडीच जीबी. ड्राइव्हवर द्या, अपलोडच्या भरवशावर राहू नका. चाळीस ट्रॅक सुटे पाठवू नका. तो निर्णय तुमचा आहे, माझ्यावर ढकलू नका.

मास्टरवर लिमिटर किंवा कॉम्प्रेसर ठेवून स्टेम्स काढलेत तर त्यांची बेरीज पूर्ण मिक्सशी जुळत नाही. कारण साधं आहे : एकत्र वाजताना ढोलकीमुळे कॉम्प्रेसर स्ट्रिंग्जना दाबतो, एकट्या स्ट्रिंग्जना तो दाबतच नाही. तपासायचं कसं? सगळे स्टेम्स नव्या सेशनमध्ये ओढा, पूर्ण मिक्स उलट्या फेजने लावा. शांतता झाली तर पाठवा. मालिकांची सवय असल्याने सगळं वरपर्यंत भरलेलं असण्याची शक्यता जास्त. थिएटरच्या मिक्सिंगमध्ये पिंक नॉइज (चाचणीचा खरखराट) उणे २० वर ठेवून पडद्यामागच्या प्रत्येक स्पीकरला ८५ डेसिबलवर जुळवलेलं असतं. तिथे तुमचं लिमिट केलेलं संगीत मी आधी खाली ओढणार, मग त्यात जीव उरत नाही. चॅनेलचे उणे २३ एलयूएफएस (आवाजाच्या सरासरी पातळीचं एकक) वगैरे आकडे पूर्ण मिक्सचे, तुमच्या स्टेमचे नव्हेत.

सेंटर स्पीकर संवादांसाठी मोकळा ठेवा. एलएफई (सबवूफरच्या) ट्रॅकमध्ये काहीही पाठवू नका. खर्ज हवा असेल तर स्टेममध्येच असू द्या, सबवूफरला किती द्यायचं ते मी बघेन.

आता बासरी. दिग्दर्शक टोचते म्हणतात तेव्हा आवाज कमी करणं हा शेवटचा उपाय. शब्द कळतात ते व्यंजनांवर, आणि ती साधारण १ ते ४ किलोहर्ट्झमध्ये असतात. तार सप्तकातली बासरी नेमकी तिथेच फुंकर मारते. वर डेसिबलपेक्षाही वाईट गोष्ट म्हणजे हालचाल : संवादासोबत सुरावट हलत राहिली की कान दोन माणसं बोलल्यासारखा भांबावतो. म्हणून वाक्य चालू असताना बासरी मंद्रात, एका स्वरावर, नाही तर गप्प. वाक्य संपलं, नट थांबला, तिथे सुरावटीला जागा द्या. तुमचा ट्रॅक सुट्या वाक्यांत कापायचाच आहे, तर संवादावर येणारी वाक्यं तेवढी पुढच्या पोकळीत सरकवून बघा. अर्ध्या तक्रारी तिथेच मिटतील. ते करूनही टोचली तर ३ किलोहर्ट्झच्या आसपास दोन-तीन डेसिबल उतरवायला मी आहेच.

आणि फाइलींना "फायनल", "फायनल नवीन", "फायनल खरी" अशी नावं नकोत. रील, क्यू, आवृत्ती, स्टेम. बस.

---

कलम_अठरा

पैशाचं कुणी बोललं नाही म्हणून दोन गोष्टी.

लॉकनंतरच्या काटछाटीचं काम फुकट करायचं की नाही, हे करारात असतं किंवा नसतं. नसेल तर या वेळी सोडून द्या. पुढच्या वेळी एक ओळ घाला : लॉकची तारीख आणि फाइलीचं नाव लिहून, त्यानंतरच्या बदलांसाठी प्रति क्यू इतकी रक्कम, आणि वादकांची नवी शिफ्ट लागली तर खर्च निर्मात्याचा. फाइलीचं नाव महत्त्वाचं. "लॉक" हा शब्द प्रत्येकजण आपल्या सोयीने वापरतो.

दुसरं, क्यू शीट (सिनेमातल्या संगीताची नोंदयादी). कॉपीराइट कायद्यात २०१२ साली दुरुस्ती झाली. तेव्हापासून चित्रपटातल्या संगीताच्या रॉयल्टीचा संगीतकाराचा समान वाटा करार करूनही सोडून देता येत नाही, तसा करार केला तरी तो त्यापुरता रद्दबातल ठरतो. अपवाद चित्रपटगृहात सिनेमासोबत होणाऱ्या प्रदर्शनाचा, तिथे रॉयल्टी नाही. पण टीव्ही, ओटीटी आलं की हक्क लागू. पार्श्वसंगीतही संगीतकृतीच आहे, फक्त गाण्यांपुरतं हे नाही. पैसे आयपीआरएससारख्या, रॉयल्टी गोळा करून वाटणाऱ्या संस्थेमार्फत यायचे तर कुठला क्यू किती मिनिटं-सेकंद वाजला याची नोंद हवी. ती तुमच्या सेशनवरून भरू नका, अंतिम मिक्सवरून भरा. ३एम२ आता साडेनऊ सेकंदांनी आखूड झालाय, आणि मिक्सिंगमध्ये एखादा क्यू पूर्णच काढला जातो. संगीत नसलेल्या जागेची नोंद गेली की अख्ख्या शीटवर शंका घेतली जाते.

---

शुद्धमध्यम

सगळ्यांचे आभार. तपासलं. प्लेअरवर ६० सेकंद, छापील टाइमकोड ६२ सेकंद १२ फ्रेम्स. नवी फाइल मागवली, १७:५१ आणि २१ फ्रेम्स. दार ०३:०४:१२:०० ला.

खालीभरी, केरवा ८ क्लिकचाच निघाला. १६ काढून ४ ढोलकीशिवाय भरल्या, धरलेल्या स्वराला स्ट्रिंग्ज वापरल्या. फेज उलटी केल्यावर संवादांत एका जागी अर्धा शब्द ऐकू आला. संकलकाने १० फ्रेम्स आणखी कापल्यात आणि तेवढ्याच पुढच्या शॉटला वाढवल्यात, म्हणून एकूण लांबी बदलली नाही.

एकच राहिलं. त्या १० फ्रेम्स ३एम३ च्या सुरुवातीला येतात, क्यू कटवरच सुरू होतो आणि कट आता १० फ्रेम्स आधी आहे. अख्खा क्यू तेवढा आधी सरकवू?

---

चोवीसफ्रेम

क्यूच्या आत पुढे ठरलेला ठोका आहे का ते आधी बघा. नसेल तर सरकवा. असेल तर फक्त सुरुवात १० फ्रेम्स, म्हणजे ०.४१७ सेकंद, आधी ओढा. पहिला स्वर धरलेला असेल तर तो तेवढा लांबवा, बाकी क्यू जागेवरच राहू दे.

---

खालीभरी

आणि कटच्या नेमक्या फ्रेमवर सुरू करायचा अट्टहास नको. एक-दोन फ्रेम्स नंतर आलेला स्वर डोळ्याला चालतो, आधी आलेला लगेच खटकतो. दहाऐवजी आठ फ्रेम्स ओढून एकदा बघा.